डॉक्टरांनी विचारलेला प्रश्न

रोआल्ड डाल यांची ‘पॉयझन’ ही कथा मी पहिल्यांदा वाचली तेव्हा अकरावीत होतो. दिवाळीच्या सुट्टीत आजोळी, सिंधुदुर्गात, माळ्यावरच्या ट्रंकेत मुखपृष्ठ गळून पडलेला एक इंग्रजी कथासंग्रह सापडला होता आणि दर पानाला चार-पाच शब्द कोशात पाहत मी तो रेटून वाचत होतो. कथेच्या सुरुवातीलाच ‘क्रेट’ हा शब्द आला. कोशात त्यापुढे ‘मण्यार’ असे छापलेले पाहिले आणि मी खाटेवर पाय वर घेऊन बसलो, कारण त्या घरात मण्यार हा नुसता कोशातला शब्द नव्हता. लहानपणी त्याच घराच्या माजघरात रात्री निघालेला साप, कंदिलांची धावपळ, बायकामुलांना पडवीत काढणे आणि साप धरण्यासाठी बोलावून आणलेला माणूस हे सारे मला लख्ख आठवत होते, निदान तसे मला तेव्हा वाटत होते. त्याविषयी पुढे लिहितो. आधी कथा सांगतो, आणि तिचा शेवटही सांगणार आहे, कारण शेवट लपवून या कथेविषयी काही बोलताच येत नाही.

इंग्रजांच्या अमलाखालचा बंगाल आणि मध्यरात्रीचा सुमार आहे. टिंबर वूड्स मोटारीने बंगल्यावर परततो तेव्हा त्याच्याबरोबर राहणारा हॅरी पोप पलंगावर उताणा, काठीसारखा ताठ पडलेला त्याला दिसतो. अंग घामाने निथळते आहे आणि शब्द ओठांतून जेमतेम बाहेर पडत आहेत. आपण वाचत पडलो असताना एक मण्यार अंथरुणात शिरली, चादरीखालून पोटावर आली आणि तिथेच झोपली, असे हॅरी सांगतो. त्याला खोकला आला आहे आणि तो खोकू शकत नाही. टिंबर गॅंडरबाय नावाच्या स्थानिक डॉक्टरांना फोन करतो, ते झोपेतून उठून लगोलग येतात, एक शब्दही वाया न घालवता हॅरीच्या दंडाला रबर बांधून नसेत सर्पविषावरचे सीरम टोचतात आणि मग टिंबरशी बाहेर जाऊन पुढचा विचार करतात. सापाला क्लोरोफॉर्म देऊन गुंगवायचे ठरते. चादर आणि गादी यांच्यामधून रबरी नळी इंचाइंचाने आत सरकवायची, तिला नरसाळे लावून थेंब थेंब क्लोरोफॉर्म ओतायचा आणि मग वाट पाहायची, हे सगळे डाल इतक्या संथपणे सांगतात की वाचणाराही नकळत श्वास रोखून धरतो. शेवटी दोघे दोन बाजूंनी चादर हळूहळू दूर करतात आणि खाली साप नसतो. हॅरी उडी मारून पलंगावर उभा राहतो, पायजम्याचे पाय झटकतो, आणि तिथेही साप नसतो.

तेव्हा डॉक्टर विचारतात की मिस्टर पोप, तुम्ही तो साप मुळात पाहिला होता याची तुम्हाला अर्थातच खात्री आहे ना?

हॅरीचा चेहरा लाल होतो. तुम्ही मला खोटे ठरवता आहात काय, असे म्हणत तो आपला जीव वाचवायला अर्ध्या रात्री आलेल्या त्या माणसाच्या अंगावर ओरडू लागतो. त्याला गटारातला उंदीर म्हणतो, त्याआधी ‘हिंदू’ हा शब्द शिवीसारखा लावतो आणि पुढे त्याच्या कातडीच्या रंगावर घसरतो. टिंबर त्याला गप्प करू पाहतो. डॉक्टर काहीही न बोलता पिशवी उचलून बाहेर पडतात, टिंबर त्यांच्यामागे मोटारीपर्यंत धावतो, माफी मागतो, आभार मानतो, आणि ते गाडी सुरू करता करता एवढेच म्हणतात की हॅरीला एका चांगल्या सुट्टीची गरज आहे. कथा इथे संपते.

सोळाव्या वर्षी या शेवटाने माझी साफ निराशा झाली होती, हे कबूल केले पाहिजे. लेखकाने इतकी पाने श्वास रोखायला लावून शेवटी साप दाखवलाच नाही, ही माझी तक्रार होती. शिव्या मी वाचल्या होत्या, त्यांचा अर्थही कळला होता, पण त्या मला घाबरून सुटलेल्या माणसाच्या तोंडच्या नेहमीच्या शिव्या वाटल्या. मी अर्धा तास हॅरीच्या पलंगावर त्याच्या शेजारी ताठ पडून होतो. तो ओरडला तेव्हा मीही आतून थोडा ओरडलो असणार. डॉक्टरही माणूस आहेत, तेही वाकून वाकून थकले असतील, त्यांनी टोचलेल्या सीरमची त्यांना स्वतःलाच खात्री नव्हती आणि तरी त्यांनी ती चिंता रुग्णासमोर दाखवली नव्हती, यांतले काहीही माझ्या लक्षात आले नाही. रहस्यकथा वाचकाला विचार करायच्या आधीच एका अंथरुणात नेऊन निजवते. ते अंथरुण कोणाचे आहे, हे पाहायला सवड मिळत नाही.

मण्यारीची निवड डाल यांनी अचूक केली आहे. नाग फणा काढतो, घोणस कुकरच्या शिट्टीसारखी फुसफुसते, पण मण्यार रात्री मुकाट्याने येते आणि बहुधा झोपलेल्या माणसालाच चावते. दंश इतका हलका असतो की पुष्कळदा कळत नाही, सूज येत नाही, आणि मग पापण्या जड होऊन मिटू लागतात, जीभ लुळी पडते, शेवटी श्वासाचे स्नायू थांबतात. राजस्थानात तिला ‘पीवणा’ म्हणतात, म्हणजे झोपलेल्याचा श्वास पिणारा साप. खुणेवाचून झालेल्या मृत्यूचा लोकांनी लावलेला तो अर्थ आहे. हॅरीने श्वास कोंडून पडणे हे त्यामुळे फार नेमके वाटते. आजचा डॉक्टर मात्र दंश झालेला नसताना सीरम टोचणार नाही, कारण घोड्याच्या रक्तापासून केलेल्या त्या द्रवाने काही रुग्णांना जीवघेणी प्रतिक्रिया येऊ शकते. म्हणजे गॅंडरबायनी हॅरीच्या शब्दावर विश्वास ठेवून धोकाही पत्करला होता. त्यांच्या त्या एका प्रश्नाचे वजन लक्षात घेताना हा विश्वास विसरता येत नाही.

डॉक्टरांच्या नावाविषयी एक गंमत. ‘गॅंडरबाय’ हे आडनाव मला बंगालात कुठे आढळलेले नाही, आणि मराठी कानाला तर त्यात एखादी बाईच ऐकू येते. कथेत ते बंगाली आहेत की आणखी कोणी, हिंदू तरी आहेत का, हे कुठेही सांगितलेले नाही. हॅरीला त्याची गरज वाटत नाही.

पुढे पंधरा-वीस वर्षांनी ही कथा पुन्हा वाचली तेव्हा साप नाही हे आधीच ठाऊक असल्यामुळे माझे लक्ष मोकळे होते, आणि सगळी कथा त्या एका प्रश्नापाशी येऊन थांबली. डॉक्टर रुग्णाला विचारतात तसा तो साधा प्रश्न आहे. पण हॅरीला तो तसा ऐकू येत नाही. इतका वेळ हे डॉक्टर त्याच्यासाठी राबत होते, तोवर त्यांची जागा ठीक होती. त्यांनी खात्री विचारताच ते न्यायाधीश होतात आणि हॅरी साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभा राहतो. साप नव्हता ही फजिती त्याने टिंबरसमोर हसून नेली असती. एका काळ्या माणसाने आपल्या शब्दाची शहानिशा करावी, हे मात्र त्याच्याने सोसवत नाही.

ही हॅरीची एकट्याची नस नव्हती. १८८३ च्या फेब्रुवारीत व्हाइसरॉय रिपन यांच्या कायदेमंडळात कोर्टनी इल्बर्ट यांनी एक विधेयक मांडले. भारतीय दंडाधिकारी व सत्र न्यायाधीश यांना जिल्ह्यांच्या ठिकाणी युरोपीय आरोपींवर खटले चालवता यावेत, इतकाच त्याचा मथितार्थ होता. मुंबई, कलकत्ता, मद्रास या इलाख्यांच्या शहरांत भारतीय दंडाधिकाऱ्यांना तो अधिकार आधीपासून होता. तरीही गोऱ्या समाजाने असा काही गदारोळ केला की कलकत्त्याच्या टाउन हॉलमध्ये प्रचंड निषेधसभा झाली, मळेवाले रिपन यांच्या नावाने बोटे मोडू लागले, आणि आपल्या स्त्रियांवर ‘नेटिव्ह’ माणसाने निवाडा करायचा काय, हा प्रश्न वर्तमानपत्रांतून पुन्हा पुन्हा विचारला गेला. १८८४ च्या जानेवारीत तडजोड झाली आणि युरोपीय आरोपीला निम्मे तरी पंच युरोपीय वा अमेरिकन असलेली ज्यूरी मागण्याचा हक्क मिळाला. आपल्याकडे शाळेत हे एका ओळीत शिकवतात आणि पुढच्या ओळीत राष्ट्रीय सभेची स्थापना येते. त्या गदारोळाच्या मुळाशी असलेली भीती मला शाळेच्या पुस्तकातून कधी कळली नाही. ती या कथेतल्या एका वाक्यामुळे कळली.

निवाडा गोऱ्यांच्या हाती होता तेव्हा तो कसा होत असे, याचा एक दाखला आग्र्याचा आहे. फुलर नावाच्या इंग्रज वकिलाने आपल्या कटवारू नावाच्या साईसाला, म्हणजे घोड्यांची निगा राखणाऱ्या नोकराला, मारहाण केली आणि तो मेला. प्लीहा आधीच सुजलेली असल्यामुळे ती फुटून मृत्यू आला, असे निदान झाले आणि दंडाधिकाऱ्याने फुलरला ३० रुपये दंड केला. १८७६ साली व्हाइसरॉय लिटन यांनी, जे एरवी भारतीयांचे कैवारी म्हणून मुळीच ओळखले जात नाहीत, या निकालावर कडक ताशेरे ओढले, तेव्हा गोऱ्यांची वृत्तपत्रे लिटनवरच उलटली. मलेरियाने सुजलेली प्लीहा हा त्या काळात मारणाऱ्याच्या मदतीला धावून येणारा अवयव झाला होता.

हे मनात ठेवून शेरलॉक होम्सची ‘द स्पेकल्ड बँड’ ही कथा पुन्हा उघडली. ती १८९२ साली ‘स्ट्रँड’ मासिकात आली, पण तिच्यातला प्रसंग घडतो एप्रिल १८८३ मध्ये, म्हणजे नेमका इल्बर्ट विधेयकाच्या धुमाळीत. कॉनन डॉयल यांनी हा योग जुळवून आणला असे मी म्हणत नाही. तारीख आपली आहे तशी सांगतो. तीतही खोली आहे, रात्र आहे, पलंग आहे आणि भारतातून आणलेला साप आहे. सावत्र मुलीच्या जिवावर उठलेला डॉक्टर रॉयलॉट कलकत्त्यात वैद्यकी करून आलेला आहे आणि त्याच्या आवारात एक चित्ता आणि एक बबून मोकळे फिरतात. बबून हे भारतातले माकड नव्हे, पण पूर्वेकडून येणारे सगळे एकाच पेटाऱ्यातून निघते. तो साप तर कथेप्रमाणे भारतातला सर्वांत जहाल आहे, शिट्टी ऐकून परत येतो आणि बशीतले दूध पितो. साप दूध पीत नाही हे आपल्याकडचे सर्पमित्र दर नागपंचमीला घसा कोरडा करून सांगतात, त्यांनी ही कथा वाचू नये हे बरे.

पण मला दाखवायचे आहे ते वेगळेच. रॉयलॉटने कलकत्त्यात असताना घरात चोऱ्या झाल्याच्या रागात आपल्या ‘नेटिव्ह’ बटलरला मार मारून ठार केले होते, ही गोष्ट त्याची सावत्र मुलगी होम्सला एका वाक्यात सांगते. तो फाशीतून थोडक्यात सुटला आणि त्याला दीर्घ कारावास झाला, असेही सांगते. फुलरचे ३० रुपये आठवले की वाटते, डॉयल यांनी आपल्या कल्पित गुन्हेगाराला खऱ्या न्यायालयापेक्षा जास्तच कडक शिक्षा दिली. ते काही असो. त्या बटलरला नाव नाही, त्याच्या मृत्यूवर होम्स एक प्रश्नही विचारत नाही. तो खून रॉयलॉट किती तापट आहे हे सांगण्यापुरता येतो, कारण ज्या खुनाचे रहस्य उलगडायचे आहे तो इंग्लंडातल्या मुलीचा आहे. मी ही कथा किमान सहा वेळा वाचली असेन. बटलर मला दिसला तो सातव्या वेळी.

किपलिंगची गोष्ट आणखी अवघड आहे, कारण तो आपल्या मुंबईत, जे. जे. कलाशाळेच्या आवारात १८६५ साली जन्मलेला आणि जे लिहितो ते डोळ्यांनी पाहून लिहिणारा. इल्बर्टच्या वादळात तो सतरा वर्षांचा होता आणि लाहोरच्या ‘सिव्हिल अँड मिलिटरी गॅझेट’मध्ये उमेदवारी करत होता. त्या पत्राने विरोध सोडून सरकारची बाजू घेतली, त्या संध्याकाळी तो क्लबात जेवायला शिरताच सगळ्या टेबलाने त्याला हिस् हिस् करून हिणवले, ही आठवण त्याने पुढे आत्मचरित्रात लिहिली आहे. पत्राचे धोरण ठरवणारा तो नव्हता. पण क्लबाबाहेर पाय ठेवला तर काय होते, याचा धडा त्याला लवकर मिळाला.

त्याच्या ‘द मार्क ऑफ द बीस्ट’ या कथेत फ्लीट नावाचा नवखा इंग्रज नववर्षाच्या रात्री दारूच्या नशेत देवळात शिरून मारुतीच्या मूर्तीच्या कपाळावर चिरूट विझवतो. देवळातला एक कुष्ठरोगी पुढे येऊन त्याच्या छातीवर डोके टेकवतो, आणि त्यानंतर फ्लीट कच्चे मांस मागू लागतो, घोडे त्याला पाहून बुजतात, रात्रीपर्यंत तो लांडग्यासारखा ओरडू लागतो. पोलीस अधिकारी स्ट्रिकलंड आणि कथा सांगणारा मिळून त्या कुष्ठरोग्याला पकडतात, बंदुकीच्या नळ्या विस्तवात तापवतात, आणि इथे निवेदक सांगतो की पुढचा भाग छापायचा नाही. छळ गाळला आहे. वाचकाला त्या क्षणी एवढेच हवे असते की फ्लीट माणसात यावा, आणि तो येतो. निवेदकाला नंतर वाटणारी लाज आपण इंग्रज म्हणून स्वतःला कायमचे कलंकित केले याची आहे. त्या माणसाच्या भाजलेल्या अंगाचे काय झाले, याला कथेत जागा नाही. तरीही किपलिंगने शेवटी एक खोच ठेवली आहे. स्ट्रिकलंड भरपाई देऊ करायला देवळात जातो तेव्हा पुजारी त्याला अतिशय आदराने सांगतात की आमच्या मूर्तीला कोणा गोऱ्याने कधी हात लावलेलाच नाही, साहेबांना भास झाला असावा. तुम्हाला खात्री आहे ना, हा गॅंडरबाय यांचा प्रश्न साठ वर्षे आधी इथे विचारला गेला आहे, फक्त हात जोडून.

‘पॉयझन’ आली १९५० साली, अमेरिकेतल्या ‘कॉलियर्स’ मासिकात. तोवर हॅरीचे राज्य संपले होते, आणि डाल यांना त्याचे गाठोडे उघडून पाहणे सोपे गेले असेल. त्यांचा स्वतःचा वसाहतीचा अनुभव बंगालचा नव्हता. शेल कंपनीची नोकरी करत १९३८ पासून ते टांगानिकात (आजच्या टांझानियात), दार-ए-सलाममध्ये राहिले आणि युद्ध सुरू झाल्यावर हवाई दलात गेले. तिथले साप त्यांनी जवळून पाहिले, आणि क्लबातले हॅरीही पाहिले असणार. मात्र हॅरीला ओळखणारा हा लेखक स्वतः निर्मळ होता असे कोणी समजू नये. चॉकलेटच्या कारखान्याची त्यांची गोष्ट १९६४ साली प्रथम आली तेव्हा तिच्यातले बुटके कामगार आफ्रिकेतून खोक्यांत भरून आणलेले काळे लोक होते, ते टीकेनंतर १९७३ च्या आवृत्तीत बदलले. आणि ज्यूंविषयी १९८३ साली ते मुलाखतीत जे बोलले, त्याबद्दल त्यांच्या कुटुंबाने २०२० साली माफी मागितली. दुसऱ्याच्या तोंडातले विष नेमके टिपणाऱ्याला आपल्या तोंडातले कळतेच, असे नाही.

‘पॉयझन’मध्येसुद्धा एक अर्धे वाक्य असे आहे की मी त्यापाशी दरवेळी थांबतो. मण्यार किती घातक आहे हे वाचकाला सांगताना टिंबर ओझरते म्हणून जातो की दरवर्षी ती बंगालात बरीच माणसे मारते, बहुतेक खेड्यांतली. एवढे बोलून कथा पुन्हा हॅरीच्या पोटाकडे वळते. २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे १२ लाख माणसे मेली असावीत, म्हणजे वर्षाला सरासरी ५८ हजार, असा अंदाज २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात आहे, आणि त्यांतलीही बहुतेक खेड्यांतलीच, जमिनीवर अंथरूण टाकून झोपणारी आणि शेतात राबणारी. त्यांच्यासाठी कोणी मध्यरात्री फोन करत नाही. डाल यांनी हे अर्धे वाक्य जाणून घातले की सहज, हे ठरवणे मी सोडून दिले आहे. ते तिथे आहे, एवढे पुरे.

टिंबरविषयी माझे मत मात्र वयाबरोबर बिघडत गेले. पहिल्या वाचनात तो मला भला माणूस वाटला होता, आणि तो भला आहेच. तो हॅरीला ‘गप्प बस’ म्हणतो. पण खोलीत त्याचे सगळे लक्ष आवाज थांबवण्याकडे आहे. माफी तो बाहेर, अंधारात, गाडीच्या खिडकीपाशी मागतो, जिथे हॅरीला ऐकू जाणार नाही. डॉक्टर गेल्यावर तो त्याच बंगल्यात परत जाणार आहे आणि सकाळी हॅरीबरोबर चहा घेणार आहे. ते सुट्टीचे वाक्य डॉक्टर त्याच्याकडे न पाहता बोलतात, यात मला आता सगळे काही दिसते.

या कथेची पडद्यावरची रूपे पाहणे हा एक वेगळा धडा आहे. १९५८ साली आल्फ्रेड हिचकॉक यांनी आपल्या दूरदर्शन मालिकेसाठी ती स्वतः दिग्दर्शित केली. त्यांनी प्रसंग मलायात नेला, हॅरी आणि टिंबर यांच्यात एका बाईवरून तेढ घातली, शिव्यांचा तो स्फोट काढून टाकला, आणि शेवटी खराखुरा साप बाहेर काढून तो टिंबरला चावलेला दाखवला. मला अकरावीत हवा होता तो शेवट हाच. भीतीचा उस्ताद म्हणून हिचकॉक यांच्याविषयी मला आदर आहे, पण इथे त्यांनी साप आत आणला आणि विष काढून घेतले.

२०२३ मध्ये वेस अँडरसन यांनी केलेला सतरा मिनिटांचा लघुपट याच्या अगदी उलट टोकाचा आहे. नाटकातल्यासारख्या भिंती सरकतात, पात्रे कॅमेऱ्याकडे पाहून भराभर निवेदन करतात, आणि तो शिव्यांचा प्रसंग जसाच्या तसा समोर येतो. हॅरी आहे बेनेडिक्ट कंबरबॅच. डॉक्टर आहेत बेन किंग्जली, ज्यांचे जन्मनाव कृष्ण भानजी आणि वडील गुजराती वंशाचे. आणि टिंबर आहे देव पटेल. टिंबरची भूमिका भारतीय वंशाच्या नटाला दिल्यामुळे कथेचा तोल बदलतो, आणि तो बदल मला अजून पुरता पचलेला नाही. एका सावळ्या माणसाने गोऱ्या मित्राच्या वतीने दुसऱ्या सावळ्या माणसाची माफी मागायची, यात एक नवीन अवघडलेपण येते, जे कथेत नाही. पण कथेतला टिंबर इंग्रज असण्यात जी बोच होती, आपल्याच माणसाला दुखवायचे नाही म्हणून माफी अंधारात मागण्याची, ती थोडी बोथट होते. किंग्जली यांचा चेहरा मात्र पाहण्यासारखा आहे. अपमान झाल्यावर ते काही करत नाहीत, फक्त वस्तू गोळा करतात.

लघुपट पाहिला त्या रात्री मला आजोळचे माजघर आठवले, आणि यावेळी साप नव्हे, एक कप आठवला.

मी सात-आठ वर्षांचा असेन. पावसाळा होता, वीज गेली होती, आणि माजघरात भिंतीलगत काळा, पांढऱ्या पट्ट्यांचा साप दिसल्यावर आजोबांनी ‘मण्यार’ म्हणून हाक दिली. वाडीच्या पलीकडच्या वस्तीतून एका माणसाला आणले. तो मागच्या दाराने आला, कंदील खाली धरून बराच वेळ पाहत राहिला आणि मग म्हणाला, “भाऊंनू, मण्यार नाय ता, कवड्यो आसा. इखारी नाय.” कवड्या साप पुष्कळांना मण्यारीसारखाच दिसतो; पट्टे कुठून सुरू होतात, ते मानेकडे ठळक की शेपटीकडे, हे पाहणाऱ्याला कळते, आणि त्या माणसाला ते कळत होते. आजोबा ओरडले नाहीत. ते आवाज न चढवता म्हणाले, “तू धर आणि जा. आमका शिकव नको.” त्याने साप काठीवर घेऊन पोत्यात घातला. मग आजीने त्याला मागच्या पडवीत चहा दिला, तो कान तुटलेल्या कपात, जो परसातल्या कोनाड्यात उपडा ठेवलेला असे आणि घरातले दुसरे कोणी कधी वापरत नसे. चहा संपल्यावर त्याने कप स्वतः विसळून परत उपडा ठेवला. मी दारात उभा राहून हे पाहत होतो, पण माझे डोळे पोत्याकडे होते.

गेल्या गणपतीत मी मामाला आणि मावशीला त्या माणसाचे नाव विचारले. दोघांनाही आठवेना, मावशी म्हणाली की तो नेहमी येणारा म्हातारा असेल, मामा म्हणाला की नाही, तरुण होता. साप किती लांब होता यावर मात्र त्यांचा अर्धा तास वाद झाला, मावशीच्या मते तीन हात, मामाच्या मते चारहून एक वीतही कमी नाही. मी मधेच म्हणालो की तो माणूस तर त्याला कवड्या म्हणाला होता. मामाने चमकून माझ्याकडे पाहिले, त्याचा आवाज थोडा वर गेला, आणि तो म्हणाला, “भाऊंनी स्वतः बघितली होती. मण्यारच होती ती.”